राणबाचं दार

“दार बघितलं का?”

आमच्या घरमालकांनी मला विचारलेला पहिला प्रश्न हा. मी नवी नवरी, कोकणातून एस.टी.चे हिसके खात खात चाकणला उतरलेली. डोक्यावरचा पदर एका हाताने धरलाय, दुसऱ्या हातात पत्र्याची ट्रंक. आमचे हे चाकणच्या स्टँडवर तिकीट-खिडकीत होते, गाव त्यांना मास्तर म्हणायचं, त्यांनी ही खोली आधी बघून ठेवलेली. आता घरमालक म्हटलं की कसं, ‘या, बसा, पाणी घ्या’ म्हणतील, की नाही? छे. भला थोरला फेटा, ओठांवर न मावणारी मिशी, आणि पहिला शब्द काय, तर “दार बघितलं का?”

मी म्हटलं, “दारातूनच आले ना.”

त्यांनी डोळे मिटून घेतले. मग शांतपणे म्हणाले, “पुन्यांदा भाईर जा, आन् बघून आत या.”

गेले बाई. ट्रंक घेऊन गेले. जाड सागवानी दार, आणि कडीच्या शेजारी, कमरेच्या उंचीवर, तिरपा चिरलेला घाव. फळीतून आरपार हात जाईल एवढं भोक. घावाला कुंकू लावलेलं, वर सुकलेलं झेंडूचं फूल. मला वाटलं, या बाजूचा काही देव असेल.

“राणबानं फोडलं,” मालक मागून म्हणाले.

“कोण राणबा?”

आमच्या ह्यांनी कपाळाला हात लावला. मला वाटलं, खोली गेली. पण मालकांचा चेहरा हळूहळू उजळत गेला. सगळ्या तालुक्यात राणबाची गोष्ट न ऐकलेलं माणूस त्यांना किती वर्षांनी भेटलं होतं, कुणास ठाऊक! लगेच आत हाक मारली, “अगं, चहा टाक. मास्तरीणबाईंना कायबी ठावं न्हाई!”

तुम्हालाही सांगायला पाहिजे, नाहीतर तुमचीही गत माझ्यासारखीच. राणबा हा दरोडेखोर. इंग्रजांच्या शेवटच्या वर्षांत त्याच्या टोळीने डोंगराकडेच्या गावांत धुमाकूळ घातला होता. मी आले तेव्हा तो पकडला जाऊन बरीच वर्षं झाली होती, कुठल्याशा तुरुंगात खडी फोडत होता. पण चाकणात त्याचं जेवढं नाव होतं तेवढं कलेक्टरचंही नव्हतं. न्हाव्याच्या दुकानात गणपतीच्या शेजारी त्याचं चित्र. ज्याने काढलं त्याने राणबाला कधी पाहिलं नव्हतं, पण घोडा छान काढला होता. पोरं ‘राणबा मिशी’ ठेवायची. जत्रेत तमाशाच्या फडाने त्याच्यावर वग बसवला होता. त्यात राणबाचं काम करणारा गडी दाराएवढा उंच, जरीचा पटका बांधलेला. तो आला की शिट्ट्या, आणि फौजदार आला की पोरं त्याला चिंचोके मारायची.

मला हे काही केल्या समजेना. आमच्या कोकणात चोर म्हणजे नारळ नेणारा. त्याचं नाव सगळ्या वाडीला माहीत असतं. दुसऱ्या दिवशी त्याच्या घरी जायचं, दोन शब्द बोलायचे, नारळ परत आणायचे. त्याचं चित्र कोण लावणार?

पण इथलं गणितच वेगळं. राणबा गरिबाला हात लावत नाही, असं सगळे म्हणायचे. कुणी तपासलं नव्हतं, पण म्हणायचे. आणि त्यातून गावाने एक मापच काढलं होतं. राणबाने ज्याला लुटलं तो खानदानी. ज्याच्याकडे राणबा फिरकलाच नाही, त्याच्याकडे असणार तरी काय! हळदीकुंकवाला गेलं तर जिची नथ राणबाने नेली ती बाई सतरंजीच्या मधोमध. सोयरीक जमवताना मुलाचं शिक्षण मागाहून, आधी विचारायचं, “दरोडा पडला व्हता का?” एक बिचारी तर दर वेळी रडकुंडीला येऊन सांगायची, “आमच्याकडं आला व्हता वं, पन नुस्तं पानी पिऊन गेला.” तिला सतरंजीच्या कडेला जागा मिळायची. तीही बाकीच्यांनी सरकून दिली तर.

आता या मापात आमचे मालक कुठे असतील, ते तुम्हीच ओळखा. त्यांचं नुसतं काही नेलं नव्हतं, त्यांचं दार फोडलं होतं! पुरावा उभा होता. बाजाराच्या दिवशी मोशी-चिखलीकडची माणसं कांदा घालायला यायची आणि जाताना पोराबाळांना दार दाखवून न्यायची. मालक बाजूला उभे राहून सांगायचे, “हात लावा, पर फळी हलवू नका.”

त्या दारापायी आम्ही काय सोसलं म्हणता! थंडीत त्या भोकातून असा वारा यायचा की घरातला दिवा विझायचा. मांजरीने पिल्लांची ने-आण तिथूनच चालवली होती. मालकीणबाई, आम्ही त्यांना मावशी म्हणायचो, त्या भोकात चिंधी कोंबायच्या. कुणी बघायला आलं की मालक ती ओढून काढायचे. ते गेले की मावशी परत कोंबायच्या. दिवाळीला सगळ्या घराला रंग, दाराला नाही. रंगाऱ्याने एकदा चुकून ब्रश उचलला, तर मालक दाराला पाठ लावून हात पसरून उभे राहिले. तो रंग त्यांच्या सदऱ्यावर शेवटपर्यंत होता.

आणि हा एवढा दार मिरवणारा माणूस भित्रा म्हणजे किती भित्रा असावा! पाल चुकचुकली की ताटावरून उठायचे. त्यांचं दुकान सुतळी, दोरखंड आणि गोणपाटाचं. मागच्या गोदामात शिरायचं तर आधी उंबऱ्यात उभे राहून मोठ्याने खाकरायचे, आत कुणी असेल तर त्याला निघून जायला सवड मिळावी म्हणून. गोणी शिवायचं दाभण गिऱ्हाइकाला द्यायचं तर हात लांब करून, टोक जमिनीकडे, मान दुसरीकडे. घरात मावशींनी कुऱ्हाड उचलली की हे अंगणातून दुकानात.

मावशी जळणाची लाकडं स्वतः फोडायच्या, बरं का. डावखुऱ्या होत्या. पदर खोचायचा, डाव्या हाताची मूठ पुढे, एक घाव, दोन फाका. मी तोंडात बोट घालून बघत राहायची.

मालक दरोड्याची गोष्ट सांगायला लागले की मावशी कांदा चिरत बसलेल्या असायच्या. गोष्ट वर्षागणिक वाढत होती. मी पहिल्यांदा ऐकली तेव्हा टोळी पायी आली होती. पुढच्या वर्षी घोडे आले. मग मालकांनी एकट्याने दार आतून छातीने रेटून धरलं, आणि फळी फुटल्यावर भोकातून राणबाची नि त्यांची नजरानजर झाली, तेव्हा राणबा म्हणाला, “शाब्बास मर्दा!” आणि मग पुतळ्यांची माळ घेऊन गेला. ती माळ आधी एकपदरी होती. मला पहिलं मूल होईपर्यंत तिला तीन पदर झाले.

“व्हय का न्हाई गं?” मालक शेवटी विचारायचे.

मावशी वर न बघता म्हणायच्या, “हं.”

तेवढंच. हात चालूच.

बाजारात देवळाच्या कडेला एक बाई वांगी घेऊन बसायची. तिच्या नवऱ्याचा हात राणबाच्या माणसांनी मोडला होता. बांधावर रात्रीची राखण करत होता, ओरडला म्हणून. तो हात पुन्हा धड झाला नाही आणि शेत दुसऱ्याने कसलं. हे मला मावशींनी सांगितलं, नाहीतर कळलंही नसतं. तिला बघायला कुणी पोराबाळांना घेऊन जात नव्हतं. मोडलेला हात कुणाला बघायचाय? फुटलेलं दार बघायला बरं वाटतं.

तर असं सगळं सुखाने चाललं होतं. आणि एक दिवस पुण्याहून येणाऱ्या गाडीच्या कंडक्टरने बातमी आणली, राणबा सुटला. तुरुंगात चांगला वागला म्हणून सरकारने मुदतीआधी सोडला.

गाव येडं झालं हो. सकाळपर्यंत ‘तो राणबा’ होता, संध्याकाळी ‘ते राणबादादा’ झाले. सत्कार ठरला. लेझीम ठरलं. नव्या चहाच्या हॉटेलवाल्याने त्यांच्या हस्ते बरणी उघडायचं ठरवलं. एक जण म्हणाला, ग्रामपंचायतीला उभं करू, बिनविरोध येतील. आणि जो तो आमच्या मालकांच्या पाठीवर थाप मारून जायचा, “मालक, तुमचं पाव्हणं सुटलं की! आधी तुमच्याच दारावर आणू त्यास्नी. समोरासमोर होऊन जाऊ द्या!”

मालक हसायचे. पण मिशी खाली यायला लागली होती.

त्यात शेवंताचं लग्न. शेवंता म्हणजे मालकांची एकुलती एक लेक, फार गोड पोर, माझ्याकडून क्रोशाचं विणकाम शिकायची. तिला मोशीचं स्थळ आलं होतं. मुलगा चांगला होता, पिंपरीकडे नवे कारखाने निघत होते तिथे कामाला लागलेला. बाजारात दोघांनी एकमेकांना पाहिलंही होतं, आणि नाव काढलं की शेवंताचे टाके चुकायचे. मुलाच्या बापाची अट एकच, घर खानदानी पाहिजे. “आमच्याकडनं राणबानं नथ नेली,” ते मोशीचे पाहुणे मिशीवरून हात फिरवत सांगायचे, “तुमच्याकडनं माळ. जोड शोभंल.” आता राणबा सुटला म्हटल्यावर त्यांनी निरोप धाडला, सत्काराच्याच दिवशी तुमच्या दारात सुपारी फोडू, राणबादादांच्या साक्षीनं.

त्या दिवसापासून मालक कुणालाच ‘दार बघितलं का’ विचारेनात. जेवण तुटलं. एका दुपारी मी बघते तर सुताराला मागल्या दाराने आणलेला, आणि हळूच सांगतायत, “फळी बदलून टाक, आवाज करू नगंस.” सुताराने पहिला खिळा काढला आणि गल्ली जमा झाली. “मालक, अवो हे काय? गावाची चीज हाय ती!” सुताराला चार घरं लांबपर्यंत पोहोचवून आले लोक.

मी परसात गेले. मावशी लाकडं फोडत होत्या. मी म्हटलं, “मावशी, मालकांना काय झालंय? राणबा येणार म्हणून भ्यालेत का?”

मावशींनी कुऱ्हाड टेकवली. “राणबाला भ्यालेत व्हय! राणबा हितं कवा आलाच न्हाई, पोरी.”

“मग दार?”

“म्या फोडलं.”

मी तिथेच लाकडावर बसले.

झालं होतं असं. शेवंता तान्ही होती. मावशी तिला कडेवर घेऊन नदीवरून येत होत्या, दिवेलागणीची वेळ. तेवढ्यात गावात ओरड उठली, राणबाची माणसं डोंगर उतरली. मालकांनी दार लावलं, अडसर घातला, आणि आत धान्याच्या कणगीत जाऊन बसले. मावशींनी कडी वाजवली.

“म्या म्हनलं, उघडा, मी हाय. तर आतनं म्हनत्यात, ‘बायकोचा आवाज काढतूस व्हय रं चोरा?’ म्या म्हनलं, अवो, मीच हाय, पोर रडतंय. तर म्हनत्यात, ‘बायकू असशील तर सांग, दुपारी काय केलं व्हतं?’ म्हनलं, पिठलं. तर म्हनत्यात, ‘पिठलं समद्यांच्याच घरी असतंय!’”

मला हसू आवरेना. मावशीही हसल्या, पण जरा वेळाने.

“अंधार पडत आलेला, पोर रडतंय, गावात पळापळ. मग पोर वट्यावर ठिवलं, जळनाजवळची कुऱ्हाड घेतली. एकच घाव घातला. हात घालून अडसर काढला. तेवढ्यात गावची मानसं दिवट्या घिऊन आली, आन् हे कनगीतनं भाईर आले. अंगाला समदी ज्वारी. लोकांनी इचारलं, दार कुनी फोडलं? ह्यांनी माझ्याकडं बघितलं. आन् म्हनले, ‘राणबा!’”

“आणि तुम्ही गप्प?”

“चारचौघांत नवऱ्याला काय म्हनू? दुसऱ्या दिवशी सरकारी मानूस आला, त्यानं लिवून नेलं. मग लोक बघाया यायला लागले. ह्यांनी इतक्यांदा सांगितलं, की मला बी कवा कवा वाटतंय, आला व्हता का काय.” त्यांनी कुऱ्हाड उचलली. “पर आता शेवंतेचं काय हुईल गं? सुपारी फुटायच्या आधी बापाचं नाक कापलं जानार.”

सत्काराचा दिवस उजाडला. स्टँडवर लेझीम, हार, गुलाल, सगळे पुण्याच्या गाडीकडे डोळे लावून. इकडे दारासमोर बाजेवर मोशीचे पाहुणे येऊन बसलेले, ताटात सुपारी. मालक नवा फेटा बांधून ओट्यावर उभे, हातात झेंडूचा हार, आणि त्या हाराचं एकेक फूल नकळत तोडतायत.

स्टँडवरचं मला आमच्या ह्यांनी सांगितलं. गाडी आली, माणसं उतरली, दाराएवढा उंच कुणी उतरला नाही. लेझीमवाले म्हणाले, पुढच्या गाडीने येतील. तेवढ्यात एक बुटकं, टक्कल पडलेलं म्हातारं, काखेत पिशवी, ह्यांच्या खिडकीशी आलं आणि म्हणालं, “मास्तर, हितं ते फुटक्या दाराचं घर कुठशी हाय?”

ह्यांनी विचारलं, “आपण कोण?”

“राणबा.”

ह्यांनी खिडकी बंद केली आणि ‘चला, चहा देतो’ म्हणत त्याला स्वतः घेऊन आले. लेझीम पुढच्या गाडीची वाट बघत राहिलं. मग कुणीतरी ओरडलं, आणि अख्खा स्टँड आमच्या अंगणात.

म्हाताऱ्याने मालकांच्या हाराकडे बघितलंच नाही. पिशवीतून सुतळी बांधलेला चष्मा काढला, कानांवर अडकवला, आणि दारासमोर उकिडवा बसला. घावावर बोट फिरवलं. कुंकवाचं बोट झालं ते धोतराला पुसलं.

“ह्यो दरोडा माझा न्हाई,” तो म्हणाला.

मागचे लोक टाचा उंचावून बघायला लागले.

“कोर्टात वाचला तवाबी म्या म्हनलं, साहेब, बाकीचे माझे, ह्यो चाकणचा माझा न्हाई. साहेब म्हनला, समदे असंच म्हनत्यात. ह्याच्यापायी जादा खडी फोडली म्या. म्हनलं, सुटल्यावर एकदा ते दार तरी बघू.” त्याने मान हलवली. “चांगलं हाय. सागवान हाय.”

मी मालकांकडे बघितलं. मला वाटलं, झालं, आता सगळे यांच्यावर तुटून पडणार. पण लोकांचं कसं असतं बघा. दार त्यांनी एवढी वर्षं बघितलेलं. म्हातारा आत्ता बघितलेला.

“ह्यो राणबा न्हवंच!” मागून कुणीतरी ओरडलं.

“राणबा येवढा बुटका असतुया व्हय?”

“मिशी कुठंय ह्याची?”

“ह्याला घोड्यावर तरी बसता यील का! तोतया हाय!”

न्हावी पुढे आला, चित्रातल्या नाकाशी त्याचं नाक ताडून बघितलं आणि म्हणाला, “न्हाई जुळत.” मग काय, एकाने म्हाताऱ्याची पिशवी ओढली. एकाने गचांडी धरली. आमचे हे मध्ये पडले, “अहो, तेच आहेत, त्यांनी स्वतः सांगितलं,” तर ह्यांनाच बाजूला ढकललं. म्हाताऱ्याचा चष्मा खाली पडला. तो ओरडला नाही की काही नाही. एवढंच म्हणाला, “च्या देनार व्हता ना?”

मालक वाचले होते हो. काही न बोलता ओट्यावर उभे राहिले असते तरी पुरे होतं. म्हातारा मार खाऊन गेला असता, दार खरं ठरलं असतं, सुपारी फुटली असती. मी त्यांच्या मिशीकडे बघत होते. ती हलायला लागली.

“थांबा!”

मी तो आवाज मालकांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. त्यांनीही ऐकला नसावा, कारण ते स्वतःच दचकले.

“सोडा त्याला. दार हिनं फोडलं. मी आत कनगीत बसलो व्हतो.”

अंगणभर हशा! “मालक भ्याले! तोतयाम्होरं जीभ वळंना!” कुणाला पटेचना. मालक छाती पिटून सांगतायत, “अवो, खरंच मी भितरा हाय!” आणि लोक म्हणतायत, “मालक, तुमी मर्द हायसा, उगा घाबरू नगा!” म्हाताऱ्याची गचांडी काही सुटेना. मालक बिचारे रडायच्या घाईला आले. जन्मभर खोटं सांगितलं तेव्हा एकाने शंका काढली नाही, आणि आज खरं सांगतायत तर कुणी ऐकत नाही.

तेवढ्यात गर्दी आपोआप दुभंगली. मावशी. पदर खोचलेला, हातात कुऱ्हाड.

“सरका,” त्या म्हणाल्या.

सरकले सगळे. मालक सगळ्यात आधी सरकले.

डावी मूठ पुढे. एकच घाव. जुन्या घावाच्या खाली वीतभर, तसाच तिरपा, तेवढाच खोल. फळीचा कपचा उडून सुपारीच्या ताटात पडला. मावशींनी भोकातून हात घातला, आतला अडसर वाजवला, हात बाहेर काढला, आणि अंगणाकडे वळून विचारलं, “आनकी कुनाला बघायचाय?”

कुणालाच बघायचा नव्हता.

म्हाताऱ्याने चाचपडत चष्मा उचलला, दोन्ही घाव निरखले. “ह्ये जमलं,” एवढंच म्हणाला. मग हळूच बाजेकडे वळून विचारलं, “पाव्हनं कुठलं?”

मोशीचे पाहुणे उठून उभे राहिले होते. चेहरा कठीण. “मोशीचे. आमी खानदानी घर म्हनून आलो व्हतो. आमच्याकडनं राणबानं...” आणि तिथेच थांबले.

“मोशी?” म्हातारा म्हणाला. “इंद्रायणीकाठी म्या कवा पाऊल ठिवलं न्हाई. मला पवता येत न्हाई.”

पाहुण्यांनी अंगणाकडे बघितलं, नथीबद्दल ऐकलेल्या सगळ्या माणसांकडे बघितलं, कुऱ्हाडीकडे बघितलं. मग खाली बसले. ताटातला लाकडाचा कपचा उचलून बाजूला ठेवला आणि मालकांना म्हणाले, “आवो, सुपारी फोडायची न्हवं? येळ का लावताय?” आणि मग मावशींकडे हात जोडून, “इहीनबाई, आमच्या पोराला आजच सांगून ठिवतो. घरात असला की दार लावायचं न्हाई.”

आतून शेवंता हसली, ते सगळ्या अंगणाने ऐकलं.

राणबाने चहा घेतला. मावशींनी गूळ घालून मोठा पेला भरून दिला. लोक तोवर पांगले होते. लेझीमवाले घरी गेले, हॉटेलवाल्याने स्वतःच बरणी उघडली. एवढ्याशा बुटक्या म्हाताऱ्यात बघायचं काय? संध्याकाळच्या गाडीला त्याला पोहोचवायला आमचे मालक एकटेच निघाले. निघताना गोदामात गेले, न खाकरता गेले, आणि सगळ्यात चांगल्या दोराचं एक भेंडोळं घेऊन आले.

“घ्या,” म्हणाले. “तुमाला माझ्यापायी जादा झालं. दुसरं काय द्यावं, मला कळंना.”

“आता ह्या वयात दोर काय करू?”

“म्हस बांधा.”

म्हातारा कितीतरी वेळ हसला. मग भेंडोळं खांद्यावर टाकून म्हणाला, “आता सांगा खुशाल. चाकणच्या ह्या घरनं राणबानं माल नेला.”

स्टँडच्या वाटेवर, देवळाच्या कडेला मालक त्याला काहीतरी बोलले आणि तो थांबला, हे ह्यांनी बघितलं. वांगीवालीसमोर. काय म्हणाला ते कळलं नाही. तिने वांग्यांवर पाणी शिंपडलं आणि मान वर केली नाही. तो तसाच उभा राहिला, गाडीने भोंगा वाजवला तेव्हा गेला.

शेवंताचं लग्न झालं. पुढे ह्यांची बदली झाली, आम्ही चाकण सोडलं. मधे बरीच वर्षं गेली आणि एकदा वाट वाकडी करून मी मुलांना घेऊन तिथे गेले. वाटलं, ती फळी आता नसेल, लाजेने बदलली असेल. अंगणात शिरते तर फेटा पांढरा झालेला, मिशी पांढरी झालेली, आणि कुणी परगावचे चौघे-पाच जण हात मागे बांधून उभे. मालक बाजूला उभं राहून सांगत होते.

“ह्यो वरचा घाव. ह्यो माझ्यासाठी. तवा मी आत कनगीत. आन् ह्यो खालचा, ह्यो त्या राणबासाठी. तवा मी भाईर. दोन्ही घाव हिचे. हात लावा, पर फळी हलवू नका.” मग ओट्याकडे वळून, “व्हय का न्हाई गं?”

मावशी कांदा चिरत बसल्या होत्या. विळी थांबली. त्यांनी वर बघितलं, पदराने डोळे टिपले, आणि म्हणाल्या, “कनगीत ज्वारी व्हती, ते ऱ्हायलं सांगायचं.”

मालकांनी जीभ चावली आणि गोष्ट पुन्हा पहिल्यापासून सुरू केली. मग त्यांचं माझ्याकडे लक्ष गेलं. मला ओळखलं की नाही, देव जाणे. मी दार न बघता सरळ पुढे आले होते ना! त्यांनी डोळे मिटून घेतले आणि म्हणाले,

“बाई, पुन्यांदा भाईर जा.”